आधी नीट उभं राहायला शिका

अहो वहिनी, तो पाइप जरा तिकडे करा ना, माझ्या चपला भिजतायत. हां, आता बोला. सकाळी सहाला चादर काखोटीला मारून मी कुठे जाते, हेच ना? मला ठाऊक होतं, आज ना उद्या तुम्ही विचारणार. कोपऱ्यावरच्या बंगल्यातल्या काकूंनी तर परस्पर ठरवूनही टाकलं, की मी काकड आरतीला जाते. काकड आरतीला चादर कशाला लागते हो? योगासनांच्या वर्गाला जाते मी. हसा, हसा. आमचे हेसुद्धा हसले. म्हणाले, "खाली पडलेली सुई उचलायची तर तू मला हाक मारतेस, तू कसली आसनं करणार!" म्हटलं, म्हणूनच तर चाललेय. ज्यांना सुई उचलता येते त्यांनी कशाला जायचं?

छे, अंग लवचीक असावं लागतं हे कुणी सांगितलं तुम्हाला? मागच्या गल्लीतल्या सूनबाईंनी? तिचं सोडा. ती लहानपणी भरतनाट्यम् शिकलेली. महागातली मॅट आणली, गुलाबी पँट आणली, दर आसनाला एक फोटो. परवा त्यांच्या गच्चीकडे सहज नजर गेली, तर त्या मॅटवर गहू वाळत घातलेले. मी काही बोलले नाही, तुम्हाला म्हणून सांगते.

आणि ते बँकेतून रिटायर झालेले भावजी? २१ जूनला योगदिनाचे पेपरातले फोटो बघितले, नातवाकडून मोबाइलवर व्हिडिओ लावून घेतला आणि तिसऱ्या दिवशी भिंतीला टाचा टेकून थेट शीर्षासन. ब्लडप्रेशरची गोळी चालू असलेला माणूस! मान अशी धरली, की पुढे आठवडाभर कुणी हाक मारली की अख्खे वळायचे. आता सगळ्यांना सांगत फिरतात, योगात काही राम नाही म्हणून. योगाने काय घोडं मारलंय तुमचं? पहिलीत नाव घालायचं सोडून दहावीच्या पेपरला जाऊन बसलात, मग नापास व्हाल नाही तर काय.

खरं सांगू, मीही आधी घाबरतच होते. पण आमच्या वर्गाच्या बाईंनी अय्यंगार गुरुजींची गोष्ट सांगितली आणि माझी भीड चेपली. मॉडेल कॉलनीतली ती संस्था बघितलीय ना तुम्ही, रमामणी अय्यंगार स्मारक, १९७५ सालची? पत्नीच्या नावाने उभी केली त्यांनी. तर हे गुरुजी जन्मले १९१८ साली, कर्नाटकातल्या बेळ्ळूरला, इन्फ्लुएंझाच्या साथीत. जन्मापासूनच नाजूक. मलेरिया झाला, टायफॉइड झाला, क्षय झाला. हातपाय म्हणजे काड्या. म्हैसूरला त्यांच्या बहिणीचे यजमान, कृष्णमाचार्य, योग शिकवायचे. त्यांच्याकडे हा पोरगा राहिला. तो काही लवचीक वगैरे नव्हता हो! ताठच होता. १९३७ साली मेहुण्यांनी त्याला पुण्याला धाडला, डेक्कन जिमखान्यावर शिकवायला. वय अठरा, मराठीचा गंध नाही, अंगात ताकद यथातथाच. सहा महिन्यांसाठी म्हणून आले आणि २०१४ साली गेले ते इथे पुण्यातच. मधल्या काळात १९५२ साली येहुदी मेनुहिन, तो जगप्रसिद्ध व्हायोलिनवाला, त्यांना भेटला काय, गुरुजींना परदेशी घेऊन गेला काय, बेल्जियमच्या ऐंशी ओलांडलेल्या राजमातेला त्यांनी शीर्षासन शिकवलं काय! हो, ऐंशी ओलांडलेल्या. मात्र समोर अय्यंगार उभे होते, वहिनी. भावजींच्या समोर नातवाचा मोबाइल होता.

पण मला त्यांचं कौतुक वाटतं ते राजमातेमुळे नाही, विटांमुळे. हो, विटा! वाकल्यावर हात जमिनीला पोचत नाही ना? मग हाताखाली वीट ठेवा, जमीनच वर आणा. पाय धरता येत नाही? पट्टा अडकवा. मांडी घालून बसलं की पाठीला पोक येतो? खाली घोंगडीच्या दोन घड्या घाला. भिंतीला दोर, बसायला खुर्ची, पाठीखाली लोड. आज जगभर लोक ते लाकडी ठोकळे आणि पट्टे विकत घेतात, त्या सगळ्याची सुरुवात अशी आहे. मी पट्टा विकत घेतला नाही. जुन्या सुती ओढणीवर माझं उत्तम चाललंय. त्या साधनांनी माझ्यासारख्या बायकांची लाज राखली बघा. नाही तर वर्गात चाळीस माणसं खाली वाकलेली आणि आपण मध्येच अर्ध्यावर लटकलेल्या!

पहिल्या दिवसाची गंमत सांगते. मी वाटच बघत होते, की आता हात वर, आता पाय मानेत. तर बाई म्हणाल्या, उभ्या राहा. उभ्या राहिलो. म्हणाल्या, ह्याला ताडासन म्हणतात. मला हसूच आलं. म्हटलं, ह्यासाठी फी भरली? रेशनच्या रांगेत जन्मभर उभीच होते की! मग त्यांनी सगळ्यांना बाहेर जाऊन आपापल्या चपला आणायला लावल्या. सभागृहात नको, उंबरठ्याशीच, उलट्या धरून. आणि म्हणाल्या, कुठल्या बाजूने झिजल्यात ते बघा. माझी डावी चप्पल बाहेरच्या कडेने पार घासलेली आणि उजवी जवळजवळ नवी. इतकी वर्षं मी सगळा भार एका पायाच्या एका कडेवर टाकून चालत होते आणि दोष देत होते चांभाराला.

मग उभं राहणं सुरू झालं. पावलं जुळवा. अंगठ्याखालची गादी, करंगळीखालची गादी, टाचेच्या दोन्ही बाजू, सगळीकडे सारखा भार. बोटं आवळू नका, पसरा. गुडघ्याच्या वाट्या वर ओढा. मला हे कळेना, वाटी कशी ओढणार? ती काय साडीची निरी आहे? बाईंनी खाली बसून माझ्या मांडीवर दोन बोटं टेकवली, म्हणाल्या, हा स्नायू आवळा. आणि खरंच हो, वाटी वर सरकली! इतक्या वर्षांत मला माहीतच नव्हतं, की ती सरकते. मग पोट सैल नाही, छाती उघडी, खांदे कानांपासून लांब, हनुवटी ना वर ना खाली. हे सगळं एका वेळी सांभाळायचं आणि वर श्वास कोंडायचा नाही. पाच मिनिटांत घाम फुटला. आता भाजीवाल्याकडे उभी असले तरी भार दोन्ही पायांवर घेते. तो विचारतो, मावशी, तोल जातोय का? म्हटलं, तू कोथिंबिरीचं बघ.

तुमचे गुडघे? आधी हे सांगा, डॉक्टर काय म्हणतात? झीज आहे ना? मग तेच बाईंना पहिल्या दिवशी सांगायचं. लपवायचं काही नाही. ब्लडप्रेशर, हर्निया, काचबिंदू, कंबरेचा मणका, झालेली ऑपरेशनं, सगळं. काचबिंदू असेल तर डोकं खाली करायची आसनं नकोत. कपाळभातीचे झटके ब्लडप्रेशरवाल्यांना आणि हृदयरोग्यांना नकोत. पोटुशी असेल तिला तर मुळीच नकोत. तुमच्या मेधाला घेऊन आलात तर तिलाही सांगा, महिन्याच्या त्या दिवसांत उलटी आसनं करत नाहीत, बाई आधीच विचारून घेतात. आणि जो शिक्षक हे काही विचारतच नाही, सरळ म्हणतो चला झोपा आणि पाय वर करा, त्याच्याकडून चादर गुंडाळून घरी यायचं. दुसरी खूण सांगू? जो पाठीवर बसून दाबतो तो नको. तिसरी, मधुमेह पंधरा दिवसांत घालवतो म्हणणारा तर नकोच नको. गोळ्या बंद करायच्या का कमी करायच्या ते डॉक्टर ठरवेल, तो नव्हे.

सूर्यनमस्कार? तो घोळ मीही घातला. मला वाटायचं, योग म्हणजे सूर्यनमस्कारच. आमच्या सासऱ्यांचं तेच वेड. रथसप्तमीला सगळ्या वाड्याला घालायला लावायचे, बारा नावं खणखणीत म्हणत. त्यांच्या तोंडी सारखे औंधचे राजेसाहेब असायचे. साताऱ्याकडचं औंध हो, ते भवानराव पंतप्रतिनिधी. त्यांनी आपल्या संस्थानात शाळाशाळांतून सूर्यनमस्कार सुरू केले, पुस्तकं लिहिली. साहेबाच्या देशातसुद्धा १९३८ साली त्यांचं इंग्रजी पुस्तक निघालं. तो आपला महाराष्ट्राचा व्यायाम, वादच नाही. पण बाईंनी सांगितलं, हठयोगाच्या जुन्या ग्रंथांत शोधाल तर सूर्यनमस्कार सापडत नाहीत. त्या हठप्रदीपिकेत आसनं मोजून पंधरा, आणि त्यांतली बरीचशी बसायचीच. पतंजलींचं तर विचारू नका. दोनशेच्या जरा आतच सूत्रं आणि त्यांत आसनावर अवघी तीन! त्यांतही काय, तर आसन स्थिर असावं आणि सुखाचं असावं, ओढाताण सोडावी. कुठला पाय कुठे ठेवा, चकार शब्द नाही. मला हे भारी आवडलं. आम्ही लागलो झटके द्यायला, की बाई तेच ऐकवतात. शिरा ताणल्यासारखं सुखाचं वाटलं पाहिजे, कळ आली की मागे फिरा. मी तर शेजारणीकडे बघायचंही सोडलं. ती पश्चिमोत्तानासनात कपाळ गुडघ्याला लावते. लावू दे. मी ओढणी अडकवून तिथेच थांबते आणि श्वास घेते. गंमत म्हणजे बाई तिलाच जास्त टोकतात, म्हणे तुझी पाठ गोल होतेय.

आणि ते बागेतलं मंडळ बघितलंत? सकाळी बाकावर बसून कपाळभाती चाललेली असते, फस्स फस्स फस्स, आणि मधूनच, "काय हो, काल मॅच बघितली का?" त्यांना प्राणायाम वाटतो तो. जुन्या ग्रंथांत कपाळभाती नेती-धौतीच्या पंगतीत बसलेली आहे, शुद्धिक्रिया म्हणून. प्राणायाम निराळा. आमच्या बाई तर प्राणायामाला नव्यांना हातच लावू देत नाहीत. आधी काही महिने आसनं, पाठ सरळ ठेवून बसता आलं पाहिजे, मग श्वासाचं बघू. अय्यंगारांची पद्धतच तशी. दुसरीकडे पहिल्या दिवसापासून हलकं अनुलोम-विलोम घेतात. ज्याची त्याची परंपरा. पण पहिल्याच आठवड्यात श्वास कोंडून आकडे मोजायचे, हे कुणीही शहाणा शिकवत नाही.

अहो, त्या हठप्रदीपिकेत सहा गोष्टी दिल्यात, ज्यांनी योग बिघडतो. आमच्या ह्यांनी वाचनालयातून पुस्तक आणलं, मला चिडवायलाच. फार खाणं, फार दमणूक, फार बडबड, नियमांचा हट्ट, सारखं माणसांत मिसळणं आणि चंचलपणा. ह्यांनी 'बडबड'पुढे पेन्सिलीने खूण केली. वाचनालयाच्या पुस्तकावर! मीही मग खालची टीका नीट वाचून घेतली. नियमांच्या हट्टाला उदाहरण काय, तर पहाटे गार पाण्याने अंघोळ. म्हटलं, आता हे वाचा मोठ्याने. बारा महिने तेरा काळ गार पाण्याने अंघोळ करून आम्हाला उपदेश करतात ना! तेव्हापासून बडबडीचा विषय घरात निघालेला नाही.

खाण्याचं मात्र खरं आहे. पोट रिकामं पाहिजे. जेवणावर तीन-चार तास गेले पाहिजेत, म्हणून तर सकाळचा वर्ग. जेवल्यावर चालतं ते एकटं वज्रासन. तेही तुमच्या गुडघ्यांना आत्ता नको. पुढे बाई सांगतील तेव्हा टाचांवर जाडी उशी ठेवून बघा.

कुठे जायचं? आपल्या महाराष्ट्रासारखं नशीब कुणाचं नाही ह्या बाबतीत. एक गंमत सांगते. नर्मदेच्या काठी मालसरला माधवदासजी म्हणून एक साधू होते. त्यांचे दोन शिष्य. एक श्री योगेंद्र. त्यांनी १९१८ साली वर्सोव्याला, दादाभाई नौरोजींच्या बंगल्यात, योग इन्स्टिट्यूट काढली. तीच आता सांताक्रूझला आहे. दुसरे आपले जगन्नाथ गणेश गुणे, म्हणजे स्वामी कुवलयानंद. त्यांनी १९२४ साली लोणावळ्याला कैवल्यधाम काढलं. ते भारी चिकित्सक. उड्डियान, म्हणजे पोट आत खेचायची क्रिया, केल्यावर पोटात नेमकं काय होतं म्हणून क्ष-किरणांचे फोटो काढले, दाब मोजले, 'योगमीमांसा' नावाचं त्रैमासिक काढून सगळं छापलं. शंभर वर्षांपूर्वी! दोघे गुरुबंधू, आणि दोघांनीही हे ज्ञान गुहेतून काढून संसारी माणसाच्या चटईवर आणून ठेवलं. माझी नणंद नागपूरची, ती रामनगरला जनार्दनस्वामींच्या योगाभ्यासी मंडळात जाते. तिथे फी नाही. बहीण ठाण्याची, ती घंटाळीच्या वर्गाला. प्रत्येकीची पद्धत निराळी. कुणाकडे ओंकार आधी, कुणाकडे पतंजलींची प्रार्थना. एकीकडे आसनात मिनिटभर थांबवतात, दुसरीकडे लगेच सोडवतात. माझं मत विचाराल तर कुठलंही एक धरा आणि निदान वर्षभर सोडू नका. आज लोणावळा, उद्या मोबाइल, परवा टीव्हीवरचे बाबा, असं केलं की सगळ्यांचं थोडं थोडं कानावर पडतं आणि अंगाला काहीच लागत नाही.

व्हिडिओ बघून? बघा ना, जरूर बघा. पण व्हिडिओला तुम्ही दिसता का? माझा डावा खांदा वर चढलेला असतो हे मला त्या पडद्याने कधी सांगितलं असतं? बाईंनी मागून येऊन नुसतं बोट लावलं आणि खांदा खाली आला.

माझे गुडघे थांबले का दुखायचे? खोटं कशाला बोलू, दुखतात. पण जिना उतरताना कठडा धरायचा सोडला. झोप लागते. आणि सुई, हो, सुई आता माझी मी उचलते. ह्यांना हाक मारत नाही. त्याचं त्यांना जरा वाईटच वाटतंय असं दिसतं.

सगळ्यात अवघड आसन कुठलं म्हणाल तर शवासन. खरंच सांगते. उताणं पडायचं, हात अंगापासून जरा लांब, तळवे वर, डोळे मिटलेले, आणि काहीही करायचं नाही. आपल्याला कुठे सवय आहे हो काही न करायची? पडल्या पडल्या डाळ भिजत घातली का, गॅस बंद केला का, दूधवाल्याचा हिशेब, सगळं एकदम आठवतं. आमच्यातले एक आजोबा तर दुसऱ्या मिनिटाला घोरतात. बाई त्यांनाही हलकेच पायाला हात लावून उठवतात, म्हणतात झोपायचं नाही, जागं राहून स्वस्थ पडायचं. उठायचंसुद्धा तडक नाही. उजव्या कुशीवर वळून, हाताचा आधार घेऊन, डोकं सगळ्यात शेवटी. पलंगावरून उठताना आता मी तसंच उठते. तुम्ही उद्यापासून एवढं तरी करा, ह्याला वर्ग लागत नाही, कंबरेला बरं.

सोमवारपासून नवीन मंडळींचा वर्ग सुरू होतोय, गणपतीच्या देवळामागच्या सभागृहात, सव्वासहा ते सव्वासात. वयाची अट नाही. गुलाबी पँट नको, तुमचा तो सैल सुती पंजाबी ड्रेस चालेल, ओढणी मात्र आणा, पट्ट्याच्या कामाला येते. एक जाड चादर घ्या. डॉक्टरांचा कागद असेल तर तोही. पहिले पंधरा दिवस अंग ठणकेल, तेवढ्यावरून सोडायचं नाही, हे आत्ताच कबूल करा. आणि चहा-बिस्किटं खाऊन येऊ नका, बाई ओळखतात. सहाला फाटकाशी उभी राहते मी, हाक मारायला लावू नका.